विष उतरले, नोंद कुठे राहिली?

गेल्या वर्षी पावसाळ्याच्या तोंडी एक सून आपल्या सासऱ्यांना घेऊन माझ्या दवाखान्यात आली. वय अडुसष्ट, आयुष्यभर कापूस पिकवलेले शेतकरी. तक्रार वरवर पाहता साधीच होती. “मामाजींच्या पायात चप्पल राहत नाही, डॉक्टरसाहेब. उंबरठ्यालाही पाय अडतो. या महिन्यात दोनदा पडले.” गृहस्थ माझे जुनेच रुग्ण. २०२१ साली त्यांना मधुमेह निघाला, तेव्हापासून गोळ्या माझ्याकडूनच चालू होत्या. पायांच्या दुबळेपणाबद्दल त्यांच्या केस पेपरवर दोन वर्षांपूर्वी एक ओळ लिहिलेली होती : ‘मधुमेहजन्य नसांचा विकार’. अक्षर माझेच होते.

त्या दिवशी मात्र मी त्यांना खाटेवर झोपवून नीट तपासले. दोन्ही पावले वर उचलण्याची शक्ती जवळजवळ नव्हती, पोटऱ्या वाळलेल्या होत्या. पण स्पर्शाची जाणीव बऱ्यापैकी शाबूत होती. मधुमेहात सहसा याच्या उलट घडते. आधी जाणीव जाते, मुंग्या येतात, आग होते आणि शक्ती कमी होते ती बरीच नंतर. शिवाय घोट्याजवळच्या प्रतिक्षिप्त क्रिया लोपलेल्या असताना गुडघ्याच्या मात्र अवाजवी जोरदार होत्या. हा मेळ निव्वळ मधुमेहाने बसत नाही. मी विचारले, “दुबळेपणा नेमका कधी सुरू झाला?” सुनेने सासऱ्यांकडे पाहिले आणि म्हणाली, “फवारणीच्या वर्षी. दवाखान्यातून घरी आणल्यावर.”

फवारणीचे वर्ष म्हणजे २०१७. त्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात आणि आसपास कापसावर कीटकनाशके फवारताना शेकडो शेतकरी व शेतमजुरांना विषबाधा झाली आणि वीसहून अधिक जण दगावले, हे वाचकांना स्मरत असेल. हे गृहस्थ त्यांतून वाचलेले. आठ दिवस इस्पितळात होते, बरे होऊन घरी आले. तीन आठवड्यांनी पोटऱ्यांत गोळे येऊ लागले आणि मग पावले लोंबू लागली. इस्पितळाच्या दृष्टीने विषबाधा संपली होती. मी त्यांना पाहू लागलो तेव्हा मधुमेह समोर होता, आणि मी मागे वळून विचारलेच नाही.

या एका ओळीच्या चुकीमागे वैद्यकीय नोंदींची एक व्यवस्था आहे. ती घरच्या माणसांना ठाऊक असावी, म्हणून हा लेख.

जगभर रोगांची नावे एका समान संकेतावलीने नोंदवली जातात. तिला ‘आयसीडी’ म्हणतात, म्हणजे रोगांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण. तिची पहिली आवृत्ती १८९३ साली फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियाँ यांनी मृत्यूच्या कारणांची यादी म्हणून मांडली. दहावी आवृत्ती जागतिक आरोग्य परिषदेने १९९० साली मंजूर केली आणि अनेक इस्पितळांच्या व विमा कंपन्यांच्या कागदांवर आजही तिचेच संकेतांक दिसतात. अकरावी २०२२पासून लागू झाली आहे, पण तिचा वापर अजून पुरता रुळलेला नाही. तुमच्या डिस्चार्ज कार्डावर किंवा विम्याच्या अर्जावर निदानाशेजारी इंग्रजी अक्षर आणि दोन-तीन आकडे दिसतात, ते हेच.

दहाव्या आवृत्तीत टी-५१ ते टी-६५ या खणांत औषधे सोडून इतर रसायनांच्या विषबाधा येतात. शिसे व इतर धातू टी-५६मध्ये, आम्ल आणि दाहक सोडा टी-५४मध्ये, कार्बन मोनॉक्साइड टी-५८मध्ये, कीटकनाशके टी-६०मध्ये. हे सारे ताज्या विषबाधेचे संकेतांक. विष अंगात गेले, माणूस अत्यवस्थ झाला, उपचार झाले, येथवर ते लागू पडतात. त्यानंतर मागे जे उरते त्यासाठी वेगळा खण आहे : टी-९७. औषधांव्यतिरिक्त इतर पदार्थांच्या विषबाधेचे उत्तरपरिणाम. (औषधांच्या विषबाधेमागून उरणाऱ्या दोषांसाठी शेजारचाच टी-९६.) मूळ दुर्घटनेनंतर एक वर्ष किंवा त्याहून अधिक काळ टिकून असलेली स्थिती, अथवा डॉक्टरने स्पष्टपणे ‘उत्तरपरिणाम’ असे लिहिलेली स्थिती या खणात जाते.

मात्र टी-९७ एकटा लिहून भागत नाही. त्यातून एवढेच कळते की कधीकाळी विषबाधा झाली होती आणि तिने काहीतरी मागे ठेवले. काय ठेवले, हे दुसऱ्या संकेतांकाने सांगावे लागते. आमच्या रुग्णाच्या बाबतीत तो जी-६२.२ : विषारी पदार्थांमुळे झालेला अनेक नसांचा विकार. आज जे दिसते आहे ते आधी, आणि ते कशामुळे आले हे त्याच्या जोडीला. अमेरिकेतील रुग्णालयांत या जोडणीसाठी विषाच्याच संकेतांकाच्या शेवटी ‘एस’ हे अक्षर लावतात. मुलांकडे तिकडे जाऊन उपचार घेणाऱ्या वाचकांना ते कागदांवर दिसू शकेल. पद्धत वेगळी, हेतू एकच.

येथे एक अपवाद सांगायला हवा, कारण तो नेहमी चुकतो. विष अजूनही अंगात साठत असेल, तर तो उत्तरपरिणाम नव्हे. वर्षानुवर्षे बॅटऱ्या फोडून शिसे वितळवणाऱ्या कारागिराच्या रक्तात आज शिसे चढलेले असेल, तर ती चालू विषबाधा आहे आणि नोंदही तशीच व्हायला हवी. हा भेद निव्वळ कारकुनी नाही. एकाला शिशापासून दूर करणे हाच पहिला उपचार असतो. दुसऱ्याच्या बाबतीत ती वेळ निघून गेलेली असते आणि उरलेल्या शक्तीचे जतन करायचे असते.

संकेतांक लावणारी व्यक्ती बहुधा डॉक्टर नसते. नोंदणी विभागातील कर्मचारी आमचे कागद वाचून आकडे भरतो, आणि त्याला तर्क करण्याची मुभा नसते. ‘पायांत दुबळेपणा, पूर्वी विषबाधा’ असे आम्ही लिहिले, तर तो त्या दोन गोष्टींची सांगड स्वतःच्या मनाने घालू शकत नाही, आणि घालूही नये. ‘कीटकनाशकाच्या विषबाधेमुळे आलेला’ यातला ‘मुळे’ डॉक्टरच्या लेखणीतूनच उतरायला हवा. मराठीतला हा एवढासा प्रत्यय. तो गळला की माणसाच्या आजाराचे मूळच कागदावरून पुसले जाते.

तो इतक्या सहज का गळतो? कारण विषाचे काही परिणाम उशिरा येतात, आणि येतात तेव्हा दुसऱ्याच आजाराचे कपडे घालून येतात. सेंद्रिय फॉस्फरसयुक्त कीटकनाशकांचेच पाहा. पहिल्या तासांत घाम, लाळ, आकसलेल्या बाहुल्या, छातीत घरघर. हे सर्वांना ओळखता येते आणि ॲट्रोपिनने आटोक्यात आणता येते. दुसरा टप्पा एक ते चार दिवसांत, मान उचलता न येण्याचा आणि श्वासाचे स्नायू थकण्याचा. तोवर रुग्ण बहुधा इस्पितळातच असतो. तिसरा टप्पा साधारण एक ते तीन आठवड्यांनी, म्हणजे सत्काराचे नारळ फुटून गेल्यावर. सर्वच कीटकनाशकांनी तो येत नाही आणि प्रत्येक रुग्णाला येत नाही. पण आला की पोटऱ्यांतले गोळे, पावलांची शक्ती जाणे, कधी हातही. पुढे काही महिन्यांनी नसा थोड्या सावरतात, तेव्हा मज्जारज्जूला झालेली इजा उघडी पडते आणि पाय ताठर होतात. माझ्या रुग्णाच्या गुडघ्यांनी मला हेच सांगितले, सात-आठ वर्षे उशिरा.

हा विकार वैद्यकाला नवा नाही. १९३० साली अमेरिकेत आल्याच्या अर्कात ट्राय-क्रेसिल फॉस्फेट मिसळले गेल्याने हजारो लोकांचे पाय लुळे पडले. आपल्याकडे १९८८ साली कोलकात्याच्या बेहाला भागात खाद्यतेलात त्याच रसायनाची भेसळ झाली आणि शेकडो कुटुंबांतली माणसे लंगडू लागली. या रसायनाने तर पहिला, सर्वांना दिसणारा टप्पा जवळजवळ येतच नाही. थेट तिसरा येतो.

शहरातल्या वाचकांना कीटकनाशक दूरचे वाटेल, पण न्हाणीघरातला गॅसचा गीझर दूरचा नाही. हवा खेळती नसली की त्यातून कार्बन मोनॉक्साइड साठतो. त्याला ना रंग ना वास. आजोबा न्हाणीघरात बेशुद्ध सापडतात, ऑक्सिजन दिल्यावर तासाभरात शुद्धीवर येतात, दोन दिवसांनी घरी जातात. आणि मग कधी आठवड्याने, कधी महिन्याभराने त्यांची चाल बदलते, पावले लहान होतात, लघवीवरचा ताबा सुटतो, नातवंडांची नावे चुकू लागतात. हा उशिराचा मेंदूविकार उतारवयात अधिक आढळतो. पण घरची मंडळी म्हणतात, “वयच झालं आता,” आणि कागदावर लिहिले जाते ‘वार्धक्यातील स्मृतिभ्रंश’. दोहोंत मोठा फरक आहे. वार्धक्यातला स्मृतिभ्रंश सहसा पुढेच सरकत राहतो. कार्बन मोनॉक्साइडनंतरच्या या अवस्थेतून बरेच रुग्ण काही महिन्यांत पुष्कळ सावरतात. कारण ठाऊक नसेल तर ती आशाही कुणी धरत नाही. आणि गीझर? तोही तेथेच राहतो.

तिसरे उदाहरण सर्वांत लांबच्या पल्ल्याचे. कपडे किंवा फरशी धुण्यासाठी घरात आणलेला कॉस्टिक सोडा बालपणी चुकून प्यालेली माणसे आज साठीत-सत्तरीत आहेत. त्या वेळी अन्ननलिका भाजली, आकसली, काही जणांची वर्षानुवर्षे नळीने रुंदवून घेतली गेली, आणि मग सारे विसरले गेले. अशा अन्ननलिकेत कित्येक दशकांनी कर्करोग होण्याचा धोका इतरांहून बराच जास्त असतो, म्हणून घटनेला पंधरा-वीस वर्षे उलटल्यावर ठरावीक काळाने दुर्बिणीने तपासणी करावी असे तज्ज्ञ सांगतात. परंतु ‘मला लहानपणी सोडा पाजला गेला होता’ हे सांगणारे कुणी तरी हवे ना! सांगू शकणारी आई आता नसते. तेव्हा सत्तरीच्या आजी “घास अडकतो” म्हणाल्या, तर बालपणाबद्दल त्यांना एकदा अवश्य विचारा.

एका माणसाची नोंद हरवली तर एक पाय चुकीचा तपासला जातो. एका शहराची नोंद अपुरी राहिली तर काय होते, हे भोपाळने दाखवले. २ आणि ३ डिसेंबर १९८४च्या मधल्या रात्री युनियन कार्बाइडच्या कारखान्यातून सुमारे चाळीस टन मिथिल आयसोसायनेट बाहेर पडला. १४ फेब्रुवारी १९८९ रोजी सर्वोच्च न्यायालयात सत्तेचाळीस कोटी डॉलरची तडजोड झाली. त्यानंतर प्रत्येक बाधिताला आपली इजा कागदाने सिद्ध करावी लागली. पहिल्या दिवसांत इस्पितळांच्या आवारात माणसे जमिनीवर पडलेली. कोण कुणाला केस पेपर देणार होते? पाच लाखांहून अधिक दावे मान्य झाले, पण त्यांतले बहुसंख्य तात्पुरत्या इजेच्या वर्गात गेले आणि त्यांच्या वाट्याला आरंभी पंचवीस हजार रुपये आले, पुढे काही वर्षांनी जवळपास तेवढेच आणखी. फुप्फुसे आकसून जिन्याच्या चार पायऱ्यांत धाप लागणाऱ्या माणसाची इजा तात्पुरती कशी, असा प्रश्न त्या शहरात चार दशके विचारला जात आहे. ९ ऑगस्ट २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बाधितांच्या वैद्यकीय नोंदी संगणकावर आणाव्यात आणि प्रत्येकाला आरोग्यपुस्तिका द्यावी, असे निर्देश दिले. अठ्ठावीस वर्षांनी! वाढीव भरपाईसाठी केंद्र सरकारने केलेली याचिका मार्च २०२३मध्ये फेटाळली गेली. भोपाळची सारी व्यथा कागदांमुळे झाली असे मी म्हणणार नाही. पण विष वाऱ्यावर उडून गेल्यावर बाधिताच्या हाती पुरावा म्हणून कागदच उरतो, एवढे त्यातून दिसते.

एक गोष्ट बजावून सांगतो. पूर्वी विषबाधा झाली म्हणजे पुढचा प्रत्येक आजार तिचाच, असे मुळीच नाही. कीटकनाशकाच्या विषबाधेतून वाचलेले पुष्कळ रुग्ण पूर्ण बरे होतात आणि त्यांनाही इतरांप्रमाणेच मधुमेह, संधिवात, मोतीबिंदू होतो. भरपाईच्या किंवा प्रमाणपत्राच्या आशेने “तेवढं ‘मुळे’ लिहून द्या ना” असा आग्रह धरणारेही येतात. पुरावा जुळत नसेल तर मी लिहीत नाही. तक्रार कधी सुरू झाली, कोणत्या क्रमाने वाढली, त्या विषाने अशी इजा होते का, आणि दुसरे कारण अधिक संभवते का, एवढे तपासल्यावाचून तो प्रत्यय लिहिणे म्हणजे माझीच पहिली चूक उलट दिशेने करणे.

आणि एक नाजूक विषय. काही घरांत विषबाधा अपघाताने झालेली नसते. मग लाजेपोटी, पोलिसांच्या भीतीने, कधी विम्याच्या चिंतेने सगळे कुटुंब एकच गोष्ट पढवून येते. अपघात की स्वतःहून, याचीही संकेतावलीत वेगळी नोंद असते. पण माझी काळजी आकड्यांची नाही. खरे कारण लपले की विष कोणते व किती हेही लपते, आणि त्या माणसाला ज्या आधाराची गरज असते तो मिळत नाही. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ अशा व्यक्तीकडे गुन्हेगार म्हणून नव्हे, तीव्र ताणाखालची व्यक्ती म्हणून पाहतो. डॉक्टरला एकांतात खरे सांगा. मनाच्या आधारासाठी ‘टेलि-मानस’चा १४४१६ हा क्रमांक दिवसरात्र चालू असतो आणि त्यावर मराठीतही बोलता येते.

आता कागदांकडे. डॉक्टरांच्या व्यावसायिक आचारसंहितेनुसार दाखल रुग्णाच्या नोंदी उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षे जपणे बंधनकारक आहे आणि रुग्णाने किंवा त्याच्या अधिकृत माणसाने मागितल्यास त्या बहात्तर तासांत द्याव्या लागतात. हे दोन्ही आकडे शेजारी ठेवून पाहा. उत्तरपरिणामाचा खण उघडतो तोच मुळी एका वर्षानंतर. कधी आठ, कधी चाळीस वर्षांनी त्याची गरज पडते. इस्पितळाने तीन वर्षांनी नोंदी काढून टाकल्या तर तो नियमभंग ठरत नाही. म्हणून डिस्चार्ज मिळाला की त्याच आठवड्यात संपूर्ण केस पेपरची प्रत मागून घ्यावी. विषबाधेच्या प्रकरणात पोलिसांना कळवले जाते, तेव्हा त्या वैद्यकीय-न्यायिक नोंदीचा क्रमांकही टिपून ठेवावा. इतर काही सापडले नाही तरी तो धागा उरतो.

डिस्चार्ज कार्डावर नुसते ‘विषबाधा’ किंवा ‘अज्ञात विष’ असे असेल तर नम्रपणे पण ठामपणे विचारा. कोणते रसायन? बाटलीवर ठळक छापलेले नाव कंपनीचे असते. आम्हाला हवे असते ते बारीक अक्षरांतले घटकाचे नाव, म्हणून लेबलाचा फोटो काढून ठेवा. विष पोटात गेले, श्वासातून गेले की कातडीतून? रक्तातल्या कोलिनएस्टरेजची तपासणी झाली होती का, आकडा किती होता? कृत्रिम श्वासावर किती दिवस होते? आणि त्या वेळी साखर किती होती, पाय चालत होते का? शेवटचा प्रश्न त्या दिवशी निरर्थक वाटतो. आमच्या गृहस्थांच्या बाबतीत त्यानेच निकाल लावला.

झाले असे, की सुनेने दुसऱ्या दिवशी प्लास्टिकची एक पिशवी आणली. इस्पितळात विचारून आली होती. इतक्या जुन्या नोंदी नाहीत, असे तिला सांगण्यात आले होते. पण रेशनकार्डाच्या घडीत २०१७चे डिस्चार्ज कार्ड सापडले. कडा झिजलेल्या, शाई फिकी. कीटकनाशकाचे नाव होते, तारीख होती, आणि एका कोपऱ्यात रक्तातील साखर : उपाशीपोटी ९२. म्हणजे मधुमेहाच्या चार वर्षे आधी. त्याच्याखाली महिनाभरानंतरच्या तपासणीची एकच ओळ : ‘दोन्ही पावले उचलता येत नाहीत’. ते कुणा तरुण निवासी डॉक्टरने घाईत लिहिलेले असावे. मी मनोमन त्याचे आभार मानले.

मेंदूविकार तज्ज्ञांकडे नसांची तपासणी करून घेतली, त्यांचेही मत तेच पडले. मी माझी जुनी ओळ खोडली, शेजारी तारीख घालून सही केली आणि नवी लिहिली : ‘कीटकनाशकाच्या विषबाधेमुळे आलेला नसांचा विकार, उत्तरपरिणाम, जी-६२.२, टी-९७. सोबत मधुमेह.’ यातून पैसा मिळाला का? नाही. अपंगत्वाचे प्रमाणपत्र त्यांना मिळाले, पण त्याची टक्केवारी शक्ती किती गेली यावर ठरते, कशाने गेली यावर नाही. मिळाले ते वेगळेच. नसांसाठी म्हणून मी वाढवत नेलेल्या आणि त्यांना दिवसभर गुंगी आणणाऱ्या गोळ्या बंद झाल्या. पावले धरून ठेवणाऱ्या पट्ट्या आल्या, ताठर स्नायूंसाठी व्यायाम सुरू झाला. धाकटा मुलगा अजून उघड्या हातांनी फवारणी करत होता. ते कार्ड पाहिल्यावर तो हातमोजे, मुखपट्टी आणि पूर्ण बाह्यांचा सदरा घालू लागला, असे सून सांगते.

ते कार्ड आता तिने तीन ठिकाणी झेरॉक्स करून ठेवले आहे. मूळ प्रत रेशनकार्डातच आहे, तिथे ती सुरक्षित राहते असा तिचा अनुभव. गृहस्थ महिन्यातून एकदा साखर तपासायला येतात. चप्पल सोडून पट्ट्यांचे बूट घालतात, आणि पायऱ्या चढून आले की मी न विचारताच सांगतात, “नाही पडलो, साहेब.”